पावतीवरील नावांचा क्रम

सावळीराम काकड यांच्या लोखंडी पेटीत मुदत ठेवीच्या पाच पावत्या निघाल्या. पाचही एकाच सहकारी बँकेच्या, एकाच दिवशीच्या, एक वर्ष मुदतीच्या आणि प्रत्येकी चार लाख साठ हजार रुपयांच्या. पहिलीवर एकट्या सावळीरामांचे नाव होते. दुसरीवर सावळीराम आणि मुलगी प्रतिभा. तिसरीवर प्रतिभा आणि सावळीराम. चौथीवर सावळीराम आणि बहीण साळूबाई. पाचवीवर साळूबाई आणि सावळीराम. ज्या मुलाच्या घरात ही पेटी होती, त्या समाधानचे नाव कोणत्याही पावतीवर नव्हते. साळूबाईंशी सावळीराम अकरा वर्षे बोलत नव्हते.

पेटी उघडली ती तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी, मखमलाबाद रस्त्यावरच्या घराच्या ओसरीवर. समोर तिघेच होते: समाधान, त्याची बायको शुभांगी आणि इंदिरानगरहून आलेली प्रतिभा. प्रतिभा कनिष्ठ महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवीत असे. हाती आलेले कागद आधी ओळीने मांडायचे आणि मग वाचायचे, ही तिची सवय. तिने पावत्या सतरंजीवर मांडल्या, वाचल्या, पुन्हा वाचल्या. पैसे कुठून आले हे तिघांनाही ठाऊक होते. रस्तारुंदीकरणात गेलेल्या जमिनीचा मोबदला गेल्या जूनमध्ये मिळाला होता. मात्र तो वडिलांच्या बचत खात्यातच असेल अशी सर्वांची समजूत होती.

शेवंती आणि झेंडूचे मळे समाधानच बघत होता, आणि शेवटची दोन वर्षे आठवड्यातून दोनदा वडिलांना, म्हणजे तात्यांना, डायलिसिससाठी द्वारका चौकाजवळच्या रुग्णालयात तोच नेत होता. चार तास बाहेरच्या बाकड्यावर बसून राहायचे, परत आणायचे आणि मग बाजार गाठायचा. बोलली ती शुभांगी.

"बिनमिठाचं रांधायला मी, आणि पावतीवर आत्याबाई," ती म्हणाली. "ताई, तुम्हाला तर माहीत असणार. तुमच्या सह्या आहेत."

सह्या होत्या, ही गोष्ट खरी. जूनमधल्या एका रविवारी तात्या इंदिरानगरला आले होते. अर्जांवर पेन्सिलीने फुल्या मारलेल्या होत्या आणि प्रतिभाने प्रत्येक फुलीपाशी सही केली होती. बाटलीवरची चिठ्ठी वाचल्याशिवाय बाटलीला हात लावायचा नाही, असे ती दर वर्षी प्रयोगशाळेत मुलांना बजावीत असे. त्या रविवारी तिने काहीच वाचले नव्हते. वडिलांनी कागद पुढे केला, तिने सही केली. हे तिने जसे घडले तसे सांगितले, आणि सांगता सांगताच तिच्या लक्षात आले, की ऐकणाऱ्याला हे खोटेच वाटणार.

समाधानने मान वर केली. "न वाचता सही केलीस? तू?"

त्यानंतर तो तिच्याशी बोलायचा थांबला.

दुसऱ्या आठवड्यात तिघेही बँकेत गेले, पण वेगवेगळे. ठेवींचे काम बघणारी अधिकारी पल्लवी नावाची तरुण मुलगी होती. तिने प्रतिभाला नीट समजावून सांगितले. दोन नावांच्या चारही पावत्यांवर 'दोघांपैकी कोणीही किंवा हयात असलेली व्यक्ती' असा शेरा होता. म्हणजे त्यांपैकी दोन पावत्यांचे पैसे बँक प्रतिभाला देणार आणि दोनांचे साळूबाईंना. एकट्याच्या पावतीवर नामनिर्देशन होते, तेही प्रतिभाचेच. मात्र बँक कोणाच्या हाती पैसे देते आणि ते पैसे कोणाचे ठरतात, हे दोन वेगळे प्रश्न आहेत, असेही ती म्हणाली. वारस म्हणून मुलगा आणि मुलगी दोघांचाही हक्क होता. पैसे आत्याच्या हाती पडले तरी ते वारसांचे आहेत असा दावा लावता आला असता. तो किती वर्षे चालला असता, यावर तिने मत दिले नाही.

समाधानने लेखी हरकत दिली. बँकेने पाचही पावत्यांचे पैसे रोखून ठेवले. वकील गाठल्याचे शुभांगीने फोनवर कळवले आणि वर्षश्राद्धापर्यंत निकाल लागला नाही तर दोन घरांत दोन श्राद्धे होतील, हेही सांगून टाकले. प्रतिभाने वडिलांच्या पैशांतला निम्मा हिस्सा लगेच लिहून द्यायची तयारी दाखवली. त्यावर निरोप आला तो असा: हिश्शाचे नंतर बघू, आधी नाव का नाही ते सांगा.

प्रश्न रास्त होता, आणि त्याचे उत्तर प्रतिभाकडे नव्हते. निम्मे पैसे देऊन ती हिशेब मिटवू शकली असती. पण भावाला तिने फसवले नाही हे पैशांनी सिद्ध होणार नव्हते. ते सिद्ध व्हायला तात्यांच्या मनात काय होते तेच कळायला हवे होते. तात्या तर आता विचारण्यापलीकडे होते.

तिने कागद घेतला आणि शक्यता लिहून काढल्या. पहिली, राग. समाधानवर राग असेल तर तो कशाचा? दोघांचे वाद होत असत, पण ते पाण्याच्या पाळीवरून आणि फवारणीवरून. शिवाय रागावलेला माणूस त्याच मुलाच्या घरात पेटी ठेवत नाही. दुसरी, प्राप्तिकर. व्याज पहिल्या नावावर दाखवले जाते, म्हणून नावे फिरवली असतील. पण प्रतिभाचा कर तात्यांपेक्षा जास्त दराने कापला जाई. तिचे नाव पहिले घालण्यात तोटाच होता. तिसरी, विसरभोळेपणा. ही तिने लिहिली आणि लगेच खोडली. ओझरच्या विमान कारखान्यात बत्तीस वर्षे तपासनीस म्हणून काढलेल्या माणसाने पाच पावत्या नजरचुकीने केल्या, असे म्हणणे म्हणजे काहीच न म्हणणे. चौथी, पश्चात्ताप. यासाठी साळूबाईंना विचारणे भाग होते.

साळूबाई गिरणाऱ्याला राहत. टोमॅटो आणि घेवडा पिकवीत. वय बहात्तर, पती गेलेले, मुलगा नाही. अकरा वर्षांपूर्वी प्रतिभाचे आजोबा वारले, तेव्हा रिवाजाप्रमाणे बहिणीने हक्कसोडपत्रावर सही करावी म्हणून कागद तयार झाला होता. साळूबाईंनी सही केली नाही, पंधरा गुंठे मागून घेतले. त्या दिवसापासून त्यांना माहेर बंद झाले. तात्यांच्या दशक्रियेला त्या आल्या होत्या, पण बायकांच्या घोळक्यापासून दूर उभ्या राहून आल्या तशा परत गेल्या होत्या.

प्रतिभा गेली तेव्हा त्या खळ्यात घेवडा निवडत होत्या. उठल्या नाहीत. पावत्यांचा विषय निघताच मात्र हातातली शेंग बाजूला ठेवली.

"दादा सोता आला व्हता," त्या म्हणाल्या. "फाटकापाशीच उभा. म्हनला, हितं सही कर, हितं सही कर. मी म्हनलं, चहा तरी घे. म्हनला, साखर चालत नाय. म्हनलं, बिनसाखरंचा घे. तर म्हनला, पाणीबी मापून पितो आता."

"आणखी काय बोलले?"

"काय बोलायचंय? अकरा वर्सांनी आला, पोरी. आपल्या नावाम्होरं माजं नाव लावलं त्यानं. माफीच ती. त्याच्या तोंडातनं निघत नव्हती म्हनून कागदावर लिवली."

प्रतिभाने जपून विचारले, की पैसे वारसांना द्यायची वेळ आली तर. साळूबाईंनी शेंग पुन्हा उचलली. त्यांना पैसा नको होता. पोट भरण्यापुरते त्यांच्याकडे होते. पण पावती सोडणार नव्हत्या. कोर्टात बोलावले तर तिथेही येऊन हेच सांगणार होत्या. त्यांचे बचत खाते याच बँकेच्या गिरणारे शाखेत होते, त्यामुळे सहीपलीकडे तात्यांना त्यांच्याकडून काही लागले नव्हते, एवढी एक उपयोगाची माहिती प्रतिभाला मिळाली.

परतताना ती अधिकच गोंधळली. पश्चात्तापाची शक्यता टिकत होती, पण त्या शक्यतेने पाचांपैकी दोनच पावत्यांचा उलगडा होत होता. बहिणीची माफी मागायला एक पावती पुरली असती. नावे उलटून दुसरी कशासाठी? आणि माफी मागायला आलेला माणूस फाटकातून आत का येत नाही?

घरी आल्यावर तिने पावत्यांच्या छायाप्रती पुन्हा पाहिल्या आणि आधी नजरेतून निसटलेली गोष्ट तिला दिसली. चार पावत्यांवर व्याजदर पावणेआठ टक्के होता. तिसरीवर, म्हणजे जिथे तिचे नाव पहिले होते तिथे, सव्वासात. ज्येष्ठ नागरिकाचा अर्धा टक्का पहिले नाव ज्येष्ठाचे असेल तरच मिळतो. तात्या आणि साळूबाई ज्येष्ठ होते, ती नव्हती. हाच अर्धा टक्का एकदा बँक द्यायची विसरली, तेव्हा तात्या द्वारकेपर्यंत तीन फेऱ्या मारून तो वसूल करून आले होते. तो माणूस इथे अर्धा टक्का सोडून बसला होता.

पल्लवीने सुरुवातीला ही चूक असावी असे म्हटले. मग मूळ अर्ज काढला. अर्जाच्या समासात तात्यांच्या ठळक, सरळ अक्षरात एक ओळ होती: 'व्याजदर कमी मान्य. नावांचा क्रम बदलू नये.' खाली सही. आणि त्याखाली, ओळख देणारा म्हणून आणखी एक सही, रवी साळवे, ओझर.

म्हणजे क्रम ही चूक नव्हती आणि भावनाही नसावी. भावनेसाठी कोणी बँकेच्या अर्जावर सूचना लिहीत नाही. तात्यांनी तो क्रम पैसे मोजून घेतला होता. प्रतिभाने मुदतीअखेरचे आकडे मागितले. पावणेआठ टक्क्यांच्या प्रत्येक पावतीचे वर्षाअखेर चार लाख शहाण्णव हजार सातशे होत होते. तिने तिथेच आणखी एक हिशेब केला. मुद्दल चार लाख पासष्ट हजार धरले, तर व्याजासह पाच लाखांवर दोन हजार शंभर जात होते.

"पाच लाखांना काय होतं?" तिने विचारले.

पल्लवीने मागच्या भिंतीकडे बोट दाखवले. तिथे फलक होता. रोज शेकडो लोकांच्या डोळ्यांसमोर असलेला आणि बहुधा कोणीच न वाचलेला. बँक अडचणीत आल्यास प्रत्येक ठेवीदाराची व्याजासह पाच लाखांपर्यंतची रक्कम विम्याने सुरक्षित. प्रतिभाने तो वाचला आणि शंका काढली: प्रत्येक ठेवीदाराची, म्हणजे तात्यांची एकदाच. पाच पावत्या करून उपयोग काय? पल्लवीला खात्रीने सांगता येईना. तिने नियमांची पुस्तिका मागवली, पाने उलटली आणि परिच्छेद सापडल्यावर तो दोनदा वाचून दाखवला. एकट्याची ठेव वेगळी धरतात, संयुक्त ठेव वेगळी. आणि त्याच दोघांची संयुक्त ठेव असली तरी नावांचा क्रम बदललेला असेल, तर तीही विम्यासाठी वेगळीच धरतात. प्रत्येकीला स्वतंत्र पाच लाखांचे संरक्षण.

पाच पावत्या, पाच वेगळ्या ठेवी. रकमेचा आणि क्रमाचा प्रश्न सुटला. नावांचा राहिला. समाधानचे नाव घेतले असते तर आणखी दोन जोड्या झाल्या असत्या. साळूबाईंच्या फाटकाशी जाण्याची गरजच पडली नसती. घरातला मुलगा टाळून अबोला धरलेल्या बहिणीकडे जाण्याचे कारण त्या पुस्तिकेत नव्हते.

पुढच्या रविवारी ती ओझरला गेली. रवी साळवे तात्यांबरोबर कारखान्यात तपासनीस होते. निवृत्तीनंतर वसाहतीबाहेर त्यांनी छोटे घर बांधले होते. त्यांना कोणीतरी येऊन विचारणार हे अपेक्षित असावे. खुर्ची पुढे करत त्यांनी थेट सुरुवात केली.

बऱ्याच वर्षांपूर्वी शहरातली एक बँक बुडाली, तेव्हा दोघांचेही पैसे तिच्यात अडकले होते. तात्यांचे चार लाख, सगळे एकट्याच्या नावावर. तेव्हा विमा एक लाखाचा होता. एक लाख मिळाले, बाकीचे गेले. साळव्यांचे दोन लाख होते. एक लाखाची पावती त्यांची आणि पत्नीची, दुसरी पत्नीची आणि त्यांची. तीही कोणा कारकुनाने सहज सुचवली म्हणून. त्यांचे दोन्ही लाख परत आले. तात्या महिनाभर त्यांच्याशी धड बोलले नव्हते. मग एके दिवशी नियम समजावून घ्यायला येऊन बसले.

"मी म्हणालो, दोन बँकांत टाक ना," साळवे म्हणाले. "तर म्हणे, इथे व्याज पाऊण टक्का जास्त, आणि एकच फेरी पडते. तपासनीस माणूस. बँक बुडणार हे धरून चालला होता, पण बँक बदलायला तयार नव्हता."

प्रतिभाने समाधानविषयी विचारले. साळव्यांना ते सांगण्यासारखे वाटले नव्हते, इतके ते उघड होते.

"अगं, त्याने एप्रिलमध्ये पिकअप घेतली ना, त्याच बँकेचं कर्ज काढून. बँक बुडाली की विम्याचे पैसे द्यायच्या आधी कर्जदाराकडचं येणं वळतं करून घेतात. सावळीराम म्हणाला, कर्जदाराचं नाव पावतीवर नको. सुनेचंही नको, ती जामीनदार. नातू अजून अज्ञान, तर त्याच्या कागदावर सही पुन्हा बापाचीच. मग उरलं कोण? तू. आणि तुझी आत्या."

"आत्याशी ते बोलत नव्हते."

"सहीपुरतं बोलला की."

सोमवारी तिने पल्लवीकडून दोन गोष्टी तपासून घेतल्या. कर्ज तेरा एप्रिलचे, म्हणजे ठेवींच्या दोन महिने आधीचे होते, जामीनदार शुभांगी. येणे वळते करण्याचा नियमही खरा होता. जामीनदाराबाबत आणि संयुक्त ठेवीत दुसऱ्याच्या हिश्शाबाबत तात्यांची भीती कदाचित जास्तीची होती, असे पल्लवीचे मत पडले. नामनिर्देशनाचा तर विम्याशी संबंधच नव्हता. पण तात्यांनी समाधानचे नाव सरसकट सगळीकडून वगळले होते.

संध्याकाळी मखमलाबादला जाऊन तिने सर्व कागद त्याच सतरंजीवर मांडले. समाधान उभाच होता. तिने काहीही न वाढवता क्रमाने सांगितले: फलक, पुस्तिका, समासातली ओळ, साळवेकाका, पिकअप. शुभांगीने मध्ये एकदा विचारले, की मग हे घरात सांगायला काय हरकत होती? प्रतिभा म्हणाली, ते मला कळलेले नाही. समाधानने समासातली ओळ बोट ठेवून वाचली.

"मोबदला आला तेव्हा माझं कर्जच फेडलं असतं तर?" तो म्हणाला. "व्याज मी अकरा टक्के भरतोय."

"हो. ते जास्त फायद्याचं होतं."

"मग?"

"माहीत नाही, समाधान. तेवढं साळवेकाकांनाही माहीत नाही."

तो खाली बसला. तात्यांनी त्याला वगळले नव्हते, त्याच्या कर्जाला वगळले होते, हे त्याला पटले असावे. कारण त्याने हरकतीच्या अर्जाची प्रत खिशातून काढली आणि बाकीच्या कागदांवर ठेवली. मग म्हणाला, "आत्याला सांगायला लागेल. चल, मी गाडी काढतो."

प्रतिभाने वाटेत दोनदा विचार केला, की साळूबाईंना अर्धेच सांगावे. समाधानला जो दिलासा मिळाला, तोच त्यांच्याकडून काढून घेतला जाणार होता. पण अर्धे कोणते, हे तिला ठरवता आले नाही.

पिकअप फाटकापाशी थांबली. साळूबाई बाहेर आल्या, भाच्याकडे पाहिले, दोघांना आत घेतले. प्रतिभाने सांगितले. सांगून संपल्यावर साळूबाईंनी एवढेच विचारले, "म्हंजी माज्या नावावर कर्ज नव्हतं म्हनून?"

"हो, आत्या."

"दुसरं कायबी नाय?"

"कागदावर नाही. त्यांच्या मनात होतं का, ते सांगायला माझ्याकडे काही नाही."

साळूबाईंनी पदराने हात पुसले. "मंग कुठं सही करायची ती सांगा. पैशाचं काम व्हतं, पैसा तुमचा तुम्ही न्या." मग समाधानकडे वळून, रागानेच, "तुला तरी साखर चालती का नाय?"

तो हो म्हणाला. त्या चूल पेटवायला गेल्या आणि बराच वेळ बाहेर आल्या नाहीत.

बँकेला द्यायच्या संयुक्त निवेदनाचा मसुदा प्रतिभाने तिथेच बसून लिहिला, कारण वाद का झाला आणि का मिटला हे पल्लवीला फाईलसाठी हवे होते. त्यातला शेवटचा परिच्छेद असा होता:

'ठेवीदाराची पूर्वी एका बँकेत तीन लाख रुपयांची हानी झाली होती. ती पुन्हा होऊ नये म्हणून त्यांनी तेवीस लाख रुपये पाच ठेवींत विभागले. व्याजासह प्रत्येक ठेव पाच लाखांच्या आत राहील अशी रक्कम धरली, आणि प्रत्येक ठेव विम्यासाठी स्वतंत्र ठरावी म्हणून नावे व त्यांचा क्रम बदलला. मुलगा बँकेचा कर्जदार आणि सून जामीनदार असल्याने त्यांची नावे घेतली नाहीत. मुलगी आणि बहीण यांच्याकडे बँकेचे येणे नव्हते, म्हणून त्यांची घेतली. कोणाला किती द्यावे, याविषयी या पावत्यांत काहीही नमूद नाही.'